पानगळ झाल्यावरचं पाणी

अमेरिकेत, कोलोरॅडो राज्यातल्या डेन्व्हरच्या आसपास चेरीचं झाड जूनमध्ये वाळलं की लोक जूनच्या उन्हाला दोष देतात. झाड मात्र बहुतेक वेळा आधीच्या हिवाळ्यातच पाण्यावाचून खंगलेलं असतं. एप्रिलअखेर ते फुलतंसुद्धा. खोडात आणि मुळांत साठवलेल्या अन्नावर फुलं आणि पहिली पानं निघण्यापुरतं भागतं. मे संपता संपता ऊन तापतं, पानं पाणी मागायला लागतात, आणि ते ओढून वर पाठवणारी बारीक मुळं जमिनीत उरलेलीच नसतात. आधी शेंड्याकडची एक फांदी जाते, मग तिच्या खालची. घरचे लोक घाईघाईने पाइप लावतात, पण तोवर पाण्याची वेळ पाच महिन्यांपूर्वी टळून गेलेली असते.

गेली काही वर्षं मी डेन्व्हरच्या पश्चिमेकडच्या एका उपनगरात राहते. घरामागे, स्वयंपाकघराच्या खिडकीतून समोर दिसेल असं क्वान्झान जातीचं शोभेचं चेरीचं झाड आहे. एकेका फुलात वीस-तीस पाकळ्या, गडद गुलाबी, आणि फुलांचे असे घोस की आठवडा-दहा दिवस फांदी दिसत नाही. फळ धरत नाही. मूळची ही जपानी बागांतली जात, कलम करून वाढवलेली. आयुष्य फार नाही, चांगलं सांभाळलं तर वीस-पंचवीस वर्षं. इतक्या थोड्या आयुष्याच्या झाडाचा एकही वसंत माझ्या हलगर्जीपणाने वाया जाऊ नये असं मला मनापासून वाटतं, म्हणून हिवाळ्यातल्या पाण्याबद्दल लिहायला बसले आहे. इकडे नव्याने आलेली आपली बरीच माणसं घराबरोबर चेरीचं झाडही घेतात आणि दिवाळीनंतर त्याच्याकडे बघत नाहीत.

कोलोरॅडो म्हटलं की डोळ्यांसमोर बर्फ येतो, आणि जिथे एवढा बर्फ पडतो तिथे पाण्याची काय चिंता, असं वाटणं साहजिक आहे. पण तो बर्फ डोंगरावरचा. डेन्व्हर डोंगराच्या पूर्वेला, त्याच्या पर्जन्यछायेत, समुद्रसपाटीपासून सोळाशे मीटर उंचीवर वसलंय. वर्षभराचा पाऊस आणि वितळलेला बर्फ मिळून इथे साधारण ३७० मिलिमीटर पाणी पडतं; डिसेंबर, जानेवारी, फेब्रुवारी या तिन्ही महिन्यांचं मिळून जेमतेम ३० मिलिमीटरच्या आसपास. पडणारा बर्फही भुसभुशीत आणि कोरडा. टाचेइतका थर साचला तरी वितळल्यावर त्याचं सेंटिमीटरभरसुद्धा पाणी निघत नाही. त्यात चिनूक नावाचा वारा आहे. डोंगरावरून खाली उतरताना तो तापतो आणि कोरडा होतो, आणि अंगणातला बर्फ काही तासांत नाहीसा करतो. सकाळी पांढरी असलेली हिरवळ दुपारी तपकिरी झालेली असते आणि हात लावला तर माती कोरडी लागते, कारण त्यातला बराचसा बर्फ वाफ होऊन परस्पर हवेत गेलेला असतो. मग वर स्वच्छ निळं आकाश आणि कातडी ओरबाडणारी कोरडी हवा. इथला जानेवारी हा झाडांच्या लेखी दुष्काळाचा महिना आहे.

हे समजायला मला वेळ लागला नाही असं नाही, कारण मी ज्या गावात वाढले तिथली शिकवण नेमकी उलट होती. माझं माहेर अमरावती जिल्ह्यात, वरुडकडे. घरी संत्र्याचा बगीचा. संत्र्याला बहार आणायचा तर झाडाला ताण द्यावा लागतो, म्हणजे पाणी तोडायचं. हलक्या जमिनीत महिनाभर, भारी काळ्या जमिनीत त्याहून जास्त. पानं मलूल होतात, काही गळतात, वाढ थांबते, झाड अन्न साठवून ठेवतं. मग ताण तोडायचा, पाणी सोडायचं, आणि थोड्याच दिवसांत बगीचा फुलांच्या वासाने भरून जातो. पावसाळ्याच्या तोंडचा मृग बहार असो की हिवाळ्याअखेरचा आंबिया, पाणी कधी तोडायचं आणि कधी द्यायचं यावर वर्षाचं पीक ठरतं. तहानेतून फूल येतं, हे मी शाळेत जायच्या आधीपासून बघत आले आहे.

त्यामुळे मी संक्रांतीच्या सुमारास झाडाला पाणी देते असं पहिल्यांदा सांगितलं तेव्हा बाबा फोनवर म्हणाले, "बर्फात झाडाले पानी कायले देतं वं? झोपलं हाये ना ते." त्यांचा प्रश्न बरोबर होता. निष्पर्ण, निश्चल झाड बघून कोणालाही तेच वाटेल.

पण चेरीचं गणित संत्र्यासारखं नाही. पुढच्या वसंतात जी फुलं येणार त्यांच्या कळ्या आदल्या उन्हाळ्यातच तयार होतात. जुलै-ऑगस्टमध्ये, पानांच्या बगलेत, कोणाच्या लक्षातही येत नाही अशा. मग पानगळ होते आणि झाड विश्रांतीला जातं. त्या विश्रांतीतून बाहेर यायला त्याला ठरावीक काळ थंडी लागते. तेवढी थंडी अंगावरून गेल्याशिवाय कळी उमलत नाही. म्हणजे संत्र्याच्या बगीच्यात जे काम आपण बरंचसं पाणी तोडून करून घेतो, ते इथे गारठा करतो. वर कोरड लादून चेरीला काहीच मिळत नाही. उलट उन्हाळ्यात तयार झालेल्या कळ्या हिवाळ्याच्या कोरड्या वाऱ्यात वाळून जातात.

शिवाय झाड झोपलेलं असलं तरी मुळं तशी झोपत नाहीत. जमीन गोठलेली नसली आणि चार-पाच अंशांच्या वर असली की मुळांचं काम मंदगतीने का होईना चालू राहतं. आणि वरच्या बाजूने पाणी जातच असतं. चेरीची साल जवळून बघितली आहे का? तांबूस, तुकतुकीत, आणि तिच्यावर आडव्या बारीक रेघा, कोणीतरी नखाने ओळीने खुणा केल्यासारख्या. ती झाडाची श्वास घेण्याची छिद्रं आहेत. पानं नसली तरी तिथून आणि कळ्यांमधून ओलावा हळूहळू उडत राहतो; चिनूक सुटला की जास्तच. खालून भर पडली नाही तर फांदी आतून सुकते.

दुसरी गोष्ट मातीची. आमच्या भागातली जमीन चिकण, सुकली की भेगाळणारी. वरुडच्या काळ्या जमिनीला एप्रिल-मेमध्ये पडतात तशा भेगा इथे ऐन हिवाळ्यात पडतात, आणि त्या भेगांतून थंड हवा थेट मुळांपर्यंत उतरते. ओली माती ऊब धरून ठेवते, सावकाश गार होते. कोरडी माती लवकर आणि खोलवर गोठते. चेरीची मुळं वरवरची, बरीचशी पहिल्या हात-दीड हातातच पसरलेली. त्यामुळे हिवाळ्यातलं पाणी हे पिण्यासाठी असतंच, शिवाय मुळांवरचं पांघरूणही असतं.

आता प्रत्यक्ष काम. दसरा-दिवाळीच्या मध्ये कधीतरी इथे घरोघर स्प्रिंकलर बंद करतात. कॉम्प्रेसर लावून जमिनीखालच्या नळ्यांतलं उरलंसुरलं पाणी हवेच्या जोराने बाहेर काढतात, नाहीतर गोठून नळ्या फुटतात. त्या दिवसापासून झाडाला पाणी मिळण्याचा एकच मार्ग उरतो, तो म्हणजे आपण स्वतः बाहेर जाऊन देणं. कोलोरॅडो स्टेट विद्यापीठाच्या कृषी विस्तार विभागाचा सल्ला असा, की ऑक्टोबर ते मार्च या काळात पाऊस-बर्फ झाला नाही तर महिन्यातून एक-दोनदा झाडांना पाणी द्यावं. दिवस असा निवडावा की हवा साडेचार अंशांच्या वर असेल, जमिनीवर बर्फ नसेल आणि जमीन गोठलेली नसेल. वेळ दुपारची, म्हणजे रात्रीचा गारठा उतरण्याआधी पाणी जमिनीत मुरून जातं. संध्याकाळी दिलं तर खोडाभोवती बर्फाची चकती तयार होते आणि ती सालीला इजा करते.

पाइप हिवाळ्यात गॅरेजमध्ये ठेवावा लागतो. बाहेर राहिलेला पाइप आत गोठतो आणि ऐन वेळी त्यातून थेंब निघत नाही. गॅरेजमधलासुद्धा थंडीने कडक झालेला असतो, वेटोळं सोडवताना ऐकत नाही, पुन्हा आपल्या आकारात जाऊ बघतो. नळाला जोडताना पितळेची चकती बोटांना चिकटेल इतकी गार. पाणी सोडलं की आधी पाइपातली हवा फुसफुसते, मग एखादी बर्फाची कांडी खळकन बाहेर येते, मग धार लागते. धार अगदी बारीक ठेवायची. जोरात सोडलं तर चिकण मातीवरून पाणी उतार धरून शेजाऱ्याच्या अंगणात जातं, मुरत नाही. आणि काम झाल्यावर पाइप नळापासून काढायलाच हवा. तो जोडलेला राहिला तर नळाच्या आतलं पाणी उतरून जात नाही, रात्री गोठतं, आणि भिंतीतली नळी फुटते. बाकी काही विसरलं तरी चालेल, हे विसरून चालत नाही.

पाणी किती? खोडाची जाडी जमिनीपासून वीतभर वर मोजायची. दर इंच जाडीला दहा गॅलन, म्हणजे ३८ लिटरच्या आसपास. चार इंची खोडाला दीडशे लिटर झाले. ऐकायला खूप वाटतं, पण ते एका वेळचं आहे आणि पुढचे दोन-चार आठवडे पुन्हा द्यायचं नाही. एक बादली भरायला नळाला किती वेळ लागतो ते एकदा पाहून ठेवलं की पुढे घड्याळावर काम होतं. कुठे द्यायचं, यात मात्र आपल्याकडच्या सवयीची अडचण होते. आपण खोडाभोवती आळं करतो आणि त्यात घागर ओततो. लहान रोपाला ते ठीक. मोठ्या झाडाची पाणी पिणारी मुळं खोडापाशी नसतात. उन्हाळ्यात जिथवर पानांची सावली पडते त्या घेराच्या कडेला आणि त्याच्याही पलीकडे असतात. म्हणून पाइप त्या घेरावर फिरवत जायचा, एका जागी थोडा वेळ, मग पुढे. शेवटी मातीत लांब स्क्रू-ड्रायव्हर खुपसून बघायचा. वीत-दीड वीत सहज गेला तर ओल पुरेशी उतरली. अडला तर अजून द्यायला हवं.

बाबांना हे सगळं सांगितल्यावर त्यांनी पुढचा प्रश्न विचारला तो असा: "आन् वाफसा येते का तिथं मधात?" शेतकरी माणूस मुद्द्यावर येतो. चेरीला तहान सोसत नाही, पण साचलेलं पाणी त्याहून सोसत नाही. चिकण जमीन सतत ओली ठेवली की मातीतली हवा जाते, मुळं गुदमरतात, बुरशी लागते, आणि वरून दिसताना झाड तहानलेल्या झाडासारखंच दिसतं. पानं पिवळी, टोकं सुकलेली. मग माणूस आणखी पाणी देतो आणि झाड संपतं. एका पाण्यानंतर जमिनीला वाफसा येऊ द्यायचा, म्हणजे ओलही आहे आणि हवाही खेळते आहे अशी माती होऊ द्यायची, मगच पुढचं पाणी. हिवाळ्यात बाष्पीभवन मंद असतं, वाफसा यायला वेळ लागतो. म्हणून महिन्यातून एकदा-दोनदा हा हिशोब. दर रविवारी नेमाने पाइप लावणारी माणसंही मला भेटली आहेत. मी त्यांना अडवते.

जास्त पाणी चेरीचं काय करतं ते अमेरिकेच्या राजधानीत, वॉशिंग्टनमध्ये दिसलं. टोकियोचे महापौर युकिओ ओझाकी यांनी पाठवलेली तीन हजारांहून जास्त चेरीची झाडं १९१२ मध्ये तिथे आली. त्याआधी १९१० मध्ये आलेली दोन हजार झाडं किडी निघाल्या म्हणून जाळून टाकावी लागली होती, तरी जपानने पुन्हा पाठवली, हे मला फार मोठं वाटतं. टायडल बेसिन नावाच्या, भरती-ओहोटीच्या जलाशयाच्या काठावर ती वाढली. पण काठाची भिंत दलदलीच्या भरावावर उभी होती. ती वर्षानुवर्षं खचत गेली आणि पुढे पुढे रोजच्या भरतीचं पाणी दिवसातून दोनदा झाडांच्या मुळांवर चढायला लागलं. तिथलंच एक पोकळ खोडाचं झाड लोकांनी 'स्टम्पी' म्हणून डोक्यावर घेतलं होतं. निम्मं-अर्धं गेलेलं, तरी दर वसंतात उरलेल्या फांद्यांवर फुलायचं. २०२४ मध्ये भिंतीचं काम काढलं तेव्हा दीडशेच्या आसपास चेरीची झाडं तोडावी लागली, त्यात तेही गेलं. नवी रोपं तयार करण्यासाठी त्याच्या फांद्या आधी काढून ठेवल्या होत्या. एकाच जातकुळीचं झाड, तिथे पाण्यात उभं राहून मेलं आणि इथे वाऱ्यावर सुकून मरतं.

सगळ्या दुखण्यांवर पाणी हा उपाय नाही, हेही सांगायला हवं. २०१४ च्या नोव्हेंबरात इथे उबदार शरद चालू असताना दोन-तीन दिवसांत तापमान शून्याखाली पंचवीस अंशांच्या आसपास गेलं. झाडं थंडीला सरावलेली नव्हती. जुनी माणसं अजून त्या आठवड्याबद्दल बोलतात. पुष्कळ झाडं पुढच्या वसंतात फुटलीच नाहीत. तशा झटक्यापुढे कोणाचं काही चालत नाही. आपल्या हातात एवढंच, की सप्टेंबरात पाणी थोडं कमी करायचं आणि खत देणं आधीच थांबवायचं, म्हणजे झाड नवी कोवळी फूट न काढता थंडीची तयारी करतं. आणि पानं झडून गेल्यावर, जमीन गोठण्याआधी, एकदा खोलवर भरपूर पाणी द्यायचं. सबंध वर्षातलं हे पाणी मी सर्वांत महत्त्वाचं मानते.

खोडाचंही बघावं लागतं. चेरीची साल पातळ. जानेवारीच्या दुपारी नैर्ऋत्येकडून तिरपं ऊन खोडावर पडतं, साल तापते, आतल्या पेशी जाग्या होतात, आणि सूर्य मावळताच पारा घसरून त्या गोठतात. वसंतात त्या बाजूला उभी चीर पडते, डिंक पाझरतो, आणि तिथून बुरशी आणि खोडकिडे शिरतात. म्हणून नोव्हेंबरात खोडाला पांढरी पट्टी गुंडाळायची, एप्रिलमध्ये आठवणीने सोडायची. कोरडं पडलेलं झाड अशा जखमा भरून काढू शकत नाही, त्यामुळे पट्टी बांधली तरी पाणी चुकत नाही. खाली लाकडाच्या ढलप्यांचं चार बोटं जाड आच्छादन, पण खोडाला टेकलेलं नको.

एक प्रश्न मला दर वर्षी सतावतो, आणि तो टाळून हा लेख पुरा होणार नाही. डेन्व्हरचं साधारण निम्मं पाणी डोंगराच्या पलीकडून, पश्चिम उतारावरून येतं. त्यातलं बरंचसं डिलन जलाशयातून निघून रॉबर्ट्स बोगद्याने, ३७ किलोमीटर डोंगराच्या पोटातून, खंडाची जलविभाजक रेषा (जिच्या दोन्ही बाजूंचं पाणी वेगवेगळ्या समुद्रांकडे वाहतं) ओलांडून. १९६० च्या दशकापासून ते असं आणलं जातंय. म्हणजे माझ्या पाइपातलं निम्मं पाणी एरवी कोलोरॅडो नदीत गेलं असतं, जिच्यावर खालच्या राज्यांतले कोट्यवधी लोक आणि शेती अवलंबून आहे, आणि जिचं पाणी आता कोणालाच पुरत नाही. मी वरुडची आहे. विदर्भाचा कॅलिफोर्निया म्हणत म्हणत आमच्याकडे बोअरवर बोअर घेतले, तालुका भूजलाच्या नकाशावर अतिउपशाच्या रंगात गेला, आणि २०१९ च्या उन्हाळ्यात वरुड-मोर्शीत संत्र्याच्या उभ्या बागा वाळल्या. माणसांनी पोटच्या पोरासारखी वाढवलेली झाडं कुऱ्हाडीने तोडली. हे डोळ्यांपुढे असताना एका शोभेच्या झाडाला दीडशे लिटर पाणी देताना हात अडखळतो.

बराच विचार करून मी हे ठरवलं, की पाणी कमी करायचं ते हिरवळीचं. इथे उन्हाळ्यात घराबाहेरचं बहुतेक पाणी गवतावर जातं, आणि ते गवत बहुतेक ठिकाणी कोणी वापरतही नाही. झाडाखालचं आणि त्याच्या आसपासचं गवत मी काढून टाकलं, तिथे आच्छादन घातलं. झाडालाही ते मानवलं, कारण गवतासाठीचं रोजचं शिंपण मुळांना वर ओढून आणतं आणि वरची मुळंच आधी गोठतात. गवताच्या एका आठवड्याच्या पाण्यात माझ्या झाडाचा अख्खा हिवाळा निघतो. गवत मेलं तर एका पावसाळी वसंतात पुन्हा उगवतं. पंधरा वर्षांचं झाड पंधरा वर्षांनीच मिळतं.

तरी दुसरं क्वान्झान मी लावणार नाही. ते या मातीचं नव्हे. इथल्या चुनखडीच्या जमिनीत त्याची पानं पिवळी पडतात, उशिराच्या थंडीत मोहोर जळतो, आणि आयुष्यही थोडं. आहे त्याला शेवटपर्यंत जपायचं, ती जबाबदारी मी घेतली आहे. पण त्याच्यानंतरच्या झाडाची निवड झाली आहे, ते म्हणजे चोकचेरी. डेन्व्हरमधून वाहणाऱ्या चेरी क्रीकला जिच्यावरून नाव पडलं तीच ही रानचेरी. या मैदानांवरची आदिवासी माणसं तिची तुरट फळं वाळवून, कुटून, सुक्या मांसात घालून हिवाळ्यासाठी ठेवत. मेमध्ये पांढऱ्या फुलांचे लोंबते तुरे येतात, मग काळसर फळं, आणि ती खायला पक्षी येतात. थंडीची तिला भीती नाही, पाणीही कमी लागतं. पण नव्या जागी मूळ धरायला तिलाही खोडाच्या दर इंचाला साधारण एक वर्ष लागेल, आणि तोवरचे हिवाळे तिलाही पाणी घालावंच लागेल. जागा मी कुंपणाच्या पूर्वेला धरली आहे. नळापासून पाइप तिथवर पोचतो, ते आधी बघून घेतलं.